डावखुरा आहे म्हणजे गाणारच असं काही नसतंय

दरवर्षी १३ ऑगस्ट आला की आमच्या फॅमिली ग्रुपवर तो फॉरवर्ड पडतोच. जागतिक डावखुरे दिन. खाली यादी असते, अमिताभ, तेंडुलकर, आईनस्टाईन, मोझार्ट, बीथोव्हेन, आणि शेवटी ते वाक्य की डावखुऱ्यांचा उजवा मेंदू जास्त चालतो म्हणून ही माणसं जन्मजात कलाकार असतात. मग काका मला टॅग करतात, दोन माम्या टाळ्यांचे इमोजी टाकतात, जसं काय मी काही केलंय. ह्यात आता माझा भाचाही आलाय, वय वर्षं आठ, पक्का डावरा, आणि तबला शिकतोय म्हटल्यावर तर काय, घरातल्या सगळ्यांनी त्याला आत्ताच भावे नाट्यमंदिराच्या स्टेजवर नेऊन बसवलाय.

मी स्वतः डावखुरी, पेटी वाजवते, सांगलीत राहते, गाण्याचं आणि सतारींचं मिरज वीस मिनिटांवर, म्हणजे हात आणि गाणं ह्या दोन्ही गोष्टींत नाक खुपसायचा मला थोडातरी हक्क आहे असं समजून लिहितेय.

पहिल्यांदा ती यादी. आईनस्टाईनचे फळ्यापुढचे फोटो बघा, खडू उजव्या हातात आहे. व्हायोलिनही तो सगळे धरतात तसंच धरायचा. मोझार्ट आणि बीथोव्हेन डावखुरे होते ह्याला कुणीही धड पुरावा दिलेला नाही, कुणीतरी एकदा यादीत घातले ते तिथंच राहिले. तेंडुलकर लिहितो डाव्या हातानं पण बॅट आणि बॉल उजव्या हाताचे. आणि आमच्या माधवनगरची स्मृती मानधना बरोब्बर उलटी, मूळची उजवी, पण वडिलांना डावखुऱ्या बॅट्समनचं भारी कौतुक, भाऊ पण डावाच खेळायचा, म्हणून ती डावी खेळायला शिकली आणि जगभरच्या बॉलरना तो डावा कव्हर ड्राईव्ह बघत बसायची वेळ आली. आता सांगा हिला कुठल्या मेंदूत घालायचं?

म्हणजे हात ही एक गोष्ट नाहीच. मी लिहिते डाव्यानं, कात्री उजव्यानं (कारण घरात कात्री तशीच होती), जेवते उजव्यानं कारण आज्जीनं दुसरा पर्यायच ठेवला नव्हता. "अगं उजव्या हातानं घे, देवाचा परसाद हाय" हे वाक्य मी लहानपणी माझ्या नावापेक्षा जास्त वेळा ऐकलं असेल. लिहायचं मात्र तिनं सोडून दिलं, शाळेतल्या बाई बघतील म्हणाली, आणि बाईंनी पण काही केलं नाही, माझं नशीब. माझ्या आधीच्या पिढीत डाव्या हातावर पट्टी बसायचीच. जिथं जिथं असं बदलायला लावतात तिथं डाव्या हातानं लिहिणारे मोजले की आकडा कमी येतो, पण म्हणून तिथं डावखुरी मुलं कमी जन्मतात असं थोडंच आहे. जगभरचे सगळे अभ्यास एकत्र करून २०२० मध्ये एक मोठा हिशोब झाला, वीस लाखांवर माणसांचा, त्यात डावखुरे १०.६ टक्के निघाले. दहातला एक धरा. एका चाळीस मुलांच्या वर्गात चार. ते सगळे जर कलाकार व्हायचे असते तर सांगली जिल्ह्यात हळदीपेक्षा गवई जास्त पिकले असते.

हे येतं कुठून, तर बरंचसं आईच्या पोटातूनच. सोनोग्राफीत पंधराव्या आठवड्याला बाळ कुठला अंगठा चोखतंय ते बघून ठेवलं आणि तीच मुलं दहा-बारा वर्षांची झाल्यावर पुन्हा तपासली, उजवा अंगठा चोखणारी साठच्या साठ उजवीच निघाली, डावा चोखणारी पंधरा होती त्यातली दहा डावी राहिली आणि पाच उजवी झाली. मला हा अभ्यास फार आवडतो. आज्जीला दाखवायला पाहिजे होता, परसादाच्या भानगडीत मी पोटात असल्यापासून आहे म्हणून. जीन्सचा भाग आहेच, २०१९ ला ब्रिटनमधल्या चार लाख लोकांच्या डेटातून हाताशी संबंधित चार जागा सापडल्या, पण एकच असा डावखुरेपणाचा जीन वगैरे नाही. आईवडील दोघं उजवे असले तरी मूल डावं होऊ शकतं, बहुतेक डाव्या मुलांचं तसंच असतं. आमच्याकडं पण तसंच. तेव्हा सासरकडनं आलं का माहेरकडनं ही चर्चा कृपया बंद करा.

आता मुद्द्याचं, तो उजवा मेंदू.

एवढं खरं आहे की मेंदूचा उजवा अर्धा शरीराची डावी बाजू चालवतो आणि डावा अर्धा उजवी. तिथपर्यंत फॉरवर्ड बरोबर. त्यापुढची उडी चुकते. १८६० च्या दशकात पॅरिसला ब्रोका नावाच्या डॉक्टरनं दाखवलं की बोलण्याचं काम मेंदूच्या डाव्या बाजूला पुढच्या भागात चालतं. मग लोकांना वाटलं उजव्यांची भाषा डावीकडं तर डावखुऱ्यांची उजवीकडं असणार, सरळ उलटं. पण तसं नाही. उजव्या माणसांपैकी ९५ टक्क्यांच्या आसपास लोकांची भाषा डावीकडं असते, आणि डावखुऱ्यांमध्ये पण साधारण ७० टक्के लोकांची डावीकडंच! उरलेल्यांची काहींची उजवीकडं, काहींची दोन्हीकडं वाटलेली. म्हणजे मी डावखुरी असूनसुद्धा माझी बडबड बहुतेक डाव्या मेंदूतनंच येते, माझ्या उजव्या नवऱ्यासारखीच.

मग ही 'डावा मेंदू हिशेबी, उजवा मेंदू कलाकार' भानगड आली कुठून? ह्याचं मूळ चांगलं आहे, त्याचा विचका नंतर झाला. अमेरिकेत रॉजर स्पेरी नावाच्या शास्त्रज्ञानं अशा पेशंटांवर काम केलं ज्यांच्या फिट्स थांबवायला दोन्ही मेंदूंना जोडणारा मज्जातंतूंचा जाड पट्टा ऑपरेशन करून कापलेला होता. त्या लोकांत दोन बाजू वेगवेगळं काय करू शकतात ते दिसलं, आणि त्याबद्दल त्याला १९८१ चं नोबेल मिळालं. पण ती माणसं वेगळी होती ना, त्यांचा पट्टा कापलेला. तुमचा माझा शाबूत आहे, त्यातनं सतत येजा चालू असते. त्या कामातनं मॅनेजमेंटच्या ट्रेनिंगवाल्यांनी आणि पर्सनॅलिटी टेस्टवाल्यांनी एक गोळी बनवून विकली आणि आपण अजून ती चघळतोय. सांगलीत पण 'राईट ब्रेन ॲक्टिव्हेशन'चे क्लास निघालेत, फी ऐकून माझे दोन्ही मेंदू ॲक्टिव्हेट झाले. २०१३ मध्ये अमेरिकेत युटा विद्यापीठात हजारावर लोकांचे स्कॅन तपासले, अमुक काम अमुक बाजूला जास्त हे सापडलं, पण अख्खा माणूस डाव्या मेंदूचा किंवा उजव्या मेंदूचा असा एकही प्रकार सापडला नाही.

गाण्याचं तर आणखी गमतीचं आहे. २०२० मध्ये कॅनडात एक प्रयोग झाला, साथीशिवाय गायलेली छोटी छोटी गाणी घेतली आणि रेकॉर्डिंग दोन तऱ्हेनं बिघडवलं. एका तऱ्हेत वेळेचे बारकावे पुसले, तेव्हा चाल कळायची पण शब्द कळेनात. दुसऱ्या तऱ्हेत स्वरांच्या कंपनांचे बारकावे पुसले, तेव्हा शब्द कळायचे आणि चाल गायब. आणि स्कॅनमध्ये दिसलं की शब्दांचं काम डाव्या बाजूच्या ऐकण्याच्या भागात जास्त आणि चालीचं उजव्या बाजूला. हे वाचून लगेच टाळ्या पिटू नका, कारण ह्यात डावखुऱ्यांचं खास असं काही नाही, आणि एक अख्खी बंदिश ऐकायची तर दोन्ही बाजू लागतात, नुसत्या एका बाजूवर ऐकाल तर एक तर तराणा (नुसते बोल, अर्थ नाही) ऐकाल नाहीतर बातम्या.

त्याहून विशेष म्हणजे शिकल्यानं हे बदलतं. १९७४ चा एक जुना अभ्यास आहे, त्यात गाणं न शिकलेले लोक चाल ओळखताना डाव्या कानानं जास्त बरोबर ओळखत होते (डावा कान म्हणजे उजवा मेंदू), आणि शिकलेले लोक उजव्या कानानं. शिकलेला माणूस चाल ऐकताना तिचे तुकडे पाडतो, स्वर ओळखतो, हा गंधार कोमल का शुद्ध बघतो, त्यामुळं काम डावीकडं पण जातं. माझं हे अगदी असंच होतं, लग्नातलं बँडचं गाणं सुद्धा मला नुसतं ऐकता येत नाही, हात मांडीवर पट्ट्या शोधत बसतात.

शेबालिन म्हणून एक रशियन संगीतकार होता. १९५९ ला त्याला पक्षाघाताचा दुसरा झटका आला, डावी बाजू गेली मेंदूची, बोलणं गेलं, दुसऱ्याचं बोलणंही नीट कळेना. आणि हा माणूस त्याच अवस्थेत संगीत लिहीत राहिला, पाचवी सिंफनी पूर्ण केली. उलट फ्रान्सचा संगीतकार राव्हेल, त्याचं आजारपणात बोलणं-लिहिणं ढासळत गेलं तसं डोक्यातलं संगीत कागदावर उतरवणंही थांबलं. गेला १९३७ ला. (त्याच वर्षी आपले किराणा घराण्याचे गवई अब्दुल करीम खाँसाहेब गेले, तिकडं मद्रासकडं प्रवासात, आणि आणून मिरजेत मीरासाहेबांच्या दर्ग्यात दफन केले. ह्याचा विषयाशी काही संबंध नाही, पण मिरजेच्या आसपासचा माणूस १९३७ म्हटलं की हे सांगितल्याशिवाय पुढं जात नाही.) दोन संगीतकार, दोघांचीही भाषा गेली, एकाचं लिहिणं चालू राहिलं आणि एकाचं थांबलं. गाणं मेंदूत एका कप्प्यात ठेवलेलं नसतं एवढंच ह्यातनं मला कळतं.

बरं मग डावखुरे गाण्यात जास्त असतात का? थोडे असतात, हे मान्य करते. २०२५ मध्ये अमेरिकेतल्या कॉर्नेल विद्यापीठाच्या लोकांनी जुने सगळे अभ्यास पुन्हा चाळले, त्यात चित्रकला आणि संगीत ह्या दोन क्षेत्रांत डावखुरे थोडे जास्त दिसतात, पण ज्या ज्या धंद्याला डोक्यातनं नवीन काहीतरी काढावं लागतं ते सगळे धरले तर डावखुरे उलट कमीच भरतात, आणि नवीन कल्पना सुचण्याच्या टेस्टमध्ये डाव्यांचा काही फायदा दिसला नाही. आपण काय करतो, कलाकार म्हटलं की फक्त गाणारा आणि चित्र काढणारा मोजतो, घराचा प्लॅन काढणारा आर्किटेक्ट मोजतच नाही. १९७८ च्या एका अभ्यासात सुरांची आठवण डावखुऱ्यांची जरा बरी निघाली होती, त्यातही पक्के डावे नव्हेत तर दोन्ही हात वापरणारे पुढं होते. ते मला पटतं, कारण आपल्याला दोन्ही हात वापरावेच लागतात, जग उजव्यांचं असल्यामुळं.

आणि इथं फॉरवर्डवाल्यांना जे कधीच सुचत नाही ते म्हणजे वाद्य. मेंदू राहू दे बाजूला, वाद्य कुठल्या हाताचं आहे ते बघा की!

मिरजेत सतारमेकर गल्लीत गेलात तर दारातच भोपळे वाळत पडलेले दिसतात, आत कोण दांडी घासतंय, कोण तारा ओढतंय, कोण घोडीवर जवारी (तारेची झणक) काढतंय, तारा जिच्यावर टेकतात ती एवढीशी घोडी कानसीनं किंचित घासायची, तार छेडायची, ऐकायचं, परत घासायची. दीडशेच्या वर वर्षं हे काम तिथं चालू आहे, २०२४ ला मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला जीआय टॅग (ही वस्तू ह्याच गावची असा सरकारी शिक्का) पण मिळाला. तर डावखुऱ्यासाठी सतार पाहिजे म्हटलं तर नुसत्या तारा उलट्या बसवून भागत नाही. गिटारवर जिमी हेंड्रिक्सनं ते केलं, उजव्यांची गिटार उलटी धरली, तारा फिरवल्या आणि वाजवत सुटला. सतारीला तरफा (खालच्या, आपोआप घुमणाऱ्या तारा) असतात, त्यांच्या खुंट्या एका बाजूला, चिकारीच्या (कडेच्या, झणकारायच्या तारांच्या) खुंट्या ठरलेल्या जागी, घोडीवरच्या खाचा त्या क्रमानं. सगळी आरशातल्यासारखी उलटी बनवायला लागते, म्हणजे ऑर्डर देऊनच. आणि मग आयुष्यभर तुम्ही दुसऱ्याची सतार वाजवू शकत नाही आणि तुमची कुणी वाजवू शकत नाही, क्लासमधल्या सतारी पण तुमच्या उपयोगाच्या नाहीत.

पण सतारीवर कोण काय करतं ते बघा. उजव्या हाताच्या तर्जनीत नखी, तो 'दा' 'रा' मारतो. स्वर सगळे डावा हात काढतो, पडद्यावर बोट ठेवून तार बाजूला ओढत मींड घेतो ती डाव्याच हाताची, एका पडद्यावरनं चार-पाच स्वर ओढून काढायचे म्हणजे बोटाला चर पडतात. अवघड काम कुठल्या हाताचं? १९९५ मध्ये व्हायोलिन-चेलो वाजवणाऱ्यांच्या मेंदूत बघितलं तर त्यांच्या डाव्या हाताच्या बोटांची जागा इतरांपेक्षा मोठी झालेली होती, आणि जितकं लहानपणी शिकायला लागले तितकी जास्त. मेंदू आधी तसा होता म्हणून ते वाजवायला लागले असं नाही, वाजवून वाजवून झाला. त्याच वर्षीच्या दुसऱ्या अभ्यासात सात वर्षांच्या आधी वाद्य हातात घेतलेल्या लोकांचा तो मधला पट्टा, तोच स्पेरीवाला, पुढच्या बाजूला जाड निघाला. बासरीवाल्या हरिप्रसाद चौरसियांचा किस्सा तर सगळ्यांना माहितीये, गुरू अन्नपूर्णा देवींकडं शिकायचं म्हणून त्यांनी उजव्या बाजूची बासरी सोडून डाव्या बाजूनं पहिल्यापासून सुरुवात केली असं सांगतात, आणि वाजवतात अजून डावीच. नाव झालेला माणूस बाजू बदलतो आणि मग चौरसिया होतो, आणि आपण म्हणतो जन्मजात.

म्हणून माझं मत असं की सतार किंवा व्हायोलिन शिकायचं असेल तर डाव्या मुलानं सरळ सगळ्यांसारखं धरावं. त्याचा चांगला हात आयता स्वरांवर पडतो. पेटीचंही तेच. मी उजव्या हातानं पट्ट्या आणि डाव्या हातानं भाता असंच शिकले आणि भात्यावर माझा हात बरा आहे असं सगळे म्हणतात, स्वर लांबवताना हवा कुठं सोडायची आणि कुठं धरायची ते डाव्या हाताला आपोआप कळतं. उलटी पेटी वाजवणारे पण आहेत, डावा हात पट्ट्यांवर, पण पेटीच्या पट्ट्या काही उलट्या होत नाहीत, खर्ज डावीकडंच राहतो, त्यामुळं अंगठा वरच्या स्वरांकडं येतो आणि गुरूची बोटं बघून तान उचलता येत नाही, सगळा हिशोब आपला आपण नवीन बसवायचा.

तबल्याचं मात्र वेगळं, आणि भाच्याचं तिथंच अडलं होतं. पहिला क्लास होता तिथं तबला उजवीकडं, डग्गा (जोडीतला मोठा, घुमणारा) डावीकडं, सगळ्यांचा तसा म्हणून ह्याचा पण तसा. ह्याचा 'ना' काही वाजेना. 'ना' म्हणजे अनामिका शाईच्या (मधल्या काळ्या गोलाच्या) कडेला टेकवून ठेवायची आणि तर्जनीनं चाटेवर (कडेच्या पट्टीवर) टोला मारून लगेच उचलायची, उचलली नाही तर थप्प वाजतं. ह्याचं थप्प. तिथं सांगितलं, "ताई, मुलाला अंग नाही." घरी आला की हा गडी गुपचूप तबला डावीकडं सरकवून घ्यायचा आणि ठण्ण वाजवायचा. ते बहिणीनं बघितलं आणि क्लास बदलला. आत्ताच्या सरांनी बघितलं, म्हणाले, "बस की तसाच, काय फरक पडतोय, दोन वेगळी वाद्यं आहेत, जागा बदलल्या की झालं." खरंच की, सतारीसारखं काही नव्यानं बनवावं लागत नाही, फक्त दोन रिंगा इकडच्या तिकडं. तबल्यावर हातांची वाटणी पण वेगळी आहे, डग्ग्याचा हात मनगट घासून घुमारा काढतो खरा, पण 'तेटे', 'तिरकिट' हे जलद बोल बहुतेक तबल्याच्या हाताच्या जीवावर चालतात, तिथं चपळ हात असलेला बरा.

आणि एक गोष्ट मला क्लासमध्ये बसल्यावर दिसली. सर मुलांच्या समोर बसून वाजवतात. बाकीच्या मुलांना सरांचा उजवा हात तो आपला उजवा असं मनात फिरवून घ्यावं लागतं, छोटी मुलं त्यात हमखास गोंधळतात. आमच्या पोराला सर म्हणजे आरसा, समोर तबला जिकडं दिसतो तिकडंच ह्याचा तबला, तो नुसता बघतो आणि तसंच करतो. सरांना वाटतंय हा पटपट उचलतो, घरच्यांना वाटतंय उजवा मेंदू. मी काही बोलले नाही, पोराचं भलं होतंय ना.

काकांना मात्र सांगितलं. ते म्हणाले, तुला काय कळतंय, आमच्या घराण्यात कलाच आहे. हे काका आयुष्यात भजनात टाळ पण धड वाजवले नाहीत.

भाच्याला ह्या वर्षी गांधर्वची प्रारंभिक परीक्षा द्यायचीय. तीनतालाचा कायदा (ठरलेल्या बोलांची बांधणी) बऱ्यापैकी हातात बसलाय, दुगुनीत, म्हणजे दुप्पट लयीत, पळतो थोडा. 'धिरधिर' हा बोल अजून निघत नाही, पण ते वर्गातल्या कुणाचंच निघत नाही.